केसरअक्काच्या मागे फावडं

केसरअक्काने पहिल्याच भेटीत मला काठीने मारलं. नडगीवर, कडक. मी पाटाच्या काठावर चपला घालून उभा होतो. मी जळगावहून आलोय, तुमच्या पाटासाठी लढायला आलोय, खिशात पत्रकं आहेत, यातलं काहीही तिला ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तरी तिने मारलंच असतं.

"चपला काढ," ती म्हणाली. "पाटवर चपला घालीसन चालाले तुना बापना रस्ता शे का?"

मी चपला काढल्या. माझ्यामागे नाशिकहून आलेली वास्तुशास्त्राची मुलं होती, त्यांनी मार न खाताच काढल्या.

हे गाव पांझरेच्या काठावर आहे, धुळ्याच्या पश्चिमेला. नदीत जुना दगडी बंधारा आहे आणि त्यातून निघालेला पाट थेट गावाच्या पोटातून जातो. गल्लीच्या एका कडेने रस्ता, दुसऱ्या कडेने वाहतं पाणी, आणि प्रत्येक घराच्या दारापुढे पाट ओलांडायला एक आडवी फरशी. गाव संपलं की पाट शेतात शिरतो. तिथे एका पट्ट्यात सगळ्यांनी मिळून एकच पीक घ्यायचं आणि पाळीने पाणी घ्यायचं, अशी शेकडो वर्षांची रीत आहे. त्या पट्ट्याला फड म्हणतात. पाटातून शेतात पाणी वळवायच्या तोंडाला दारं म्हणतात. आणि ही दारी उघडणारा, मिटवणारा, राखणारा तो जागल्या. त्याला जमीन नसते. दुसऱ्याच्या गव्हाला पाणी पाजायचं आणि खळ्यावर आपला वाटा मागायचा, एवढंच त्याचं.

केसरअक्का जागल्याची विधवा होती. महिन्यातल्या एका रविवारी ती पाहुण्यांना बंधाऱ्यापासून फडापर्यंत पाटाकाठाने चालवत न्यायची. तासाभराची वाट. धुळ्याच्या कॉलेजांतून पोरं यायची, पुण्याचे प्राध्यापक यायचे, एकदा कुठले परदेशी लोकही आले होते. सगळ्यांना चपला हातात घ्याव्या लागायच्या. पाटात थुंकलेल्या एका ठेकेदाराला तिने मानेला धरून गुडघ्यांवर बसवलं होतं, आणि थुंकी पडलेलं पाणी वाहून गेलं तरी त्याच्याकडून ओंजळीने पाटाबाहेर पाणी काढून घेतलं होतं, पार त्याचा सदरा भिजेपर्यंत. तो पोलिसांत गेला. हवालदार आला, त्याने आधी चपला काढल्या, मग चौकशी केली.

ती बुटकी होती, नऊवारी गुडघ्यापर्यंत खोचलेली, हातात बांबूची काठी. काठीच्या डोक्याला पितळी घुंगरू बांधलेले आणि मधोमध तारेने घट्ट आवळलेला जोड. काठी एकदा मोडली होती हे लांबूनही दिसायचं.

आणि तिच्यामागे, चार पावलांवर, एक उंच म्हातारा चालायचा. डोळे अधू झालेले, खांद्यावर फावडं. तो कुणाशी बोलायचा नाही. नवीन माणसाला वाटायचं, गडी असेल, वाटेतला गाळ बाजूला करायला बरोबर घेतला असेल. तसं वाटू द्यायची ती. बंधारा दाखवायची, दगडांतल्या शिशाच्या खिळी दाखवायची, कुठल्या घराने फरशी पाटात पुढे सारली आणि ती कशी फोडून काढली तेही चवीने सांगायची. पाहुणे हसायचे, फोटो काढायचे. गाव मागे पडायचं, दोन्ही बाजूंना गहू लागायचा, आणि मग ती एका दाऱ्यापाशी थांबायची. काठी जमिनीत रोवायची. घुंगरू वाजायचे.

"कोनीतरी वाका," ती म्हणायची.

कुणाला कळायचं नाही. मग जो वाटेत सगळ्यांत जास्त बडबडला असेल त्याच्याकडे ती बोट करायची. त्याने दाऱ्याच्या तोंडाशी बसून वाकायचं, दोन्ही हात पाण्यात, दारं मिटवत असल्यासारखे. तो हसत वाकायचा. मग तिच्या मागचा म्हातारा पुढे यायचा आणि फावडं धरून त्या माणसाच्या पाठीशी उभा राहायचा. त्याची सावली वाकलेल्याच्या मानेवरून पाण्यात पडायची. हसू तिथेच संपायचं.

मग केसरअक्का रोवलेली काठी उपटून हातात घ्यायची, आणि सांगायची.

पाटाचा एक नियम होता. जागल्याने दाऱ्याला हात लावण्याआधी आपली घुंगराची काठी काठावर रोवायची. काठी उभी दिसली म्हणजे वाकलेला माणूस कामावर आहे, त्याला कुणी बोट लावायचं नाही. काठी नसताना दाऱ्यात हात घातलेला सापडला तो पाणीचोर. त्याला मारायचा हक्क कुणालाही. पंच नाही, विचारपूस नाही, आधी मारायचं.

त्या वर्षी नदीला पाणी कमी होतं. गव्हाचं शेवटचं पाणी चाललं होतं. तिचा नवरा बुधा जागल्या होता. त्याने पाळीप्रमाणे हिलालच्या शेताचं दारं मिटवलं. हिलाल तेव्हा ऐन भरातला माणूस, जमीनदाराच्या घरचा, तालमीतला. माझा गहू जळतोय आणि तू दारं मिटवतोस, म्हणून त्याने बुधाला चार लोकांत शिवी दिली आणि त्याची काठी हिसकून गुडघ्यावर मोडली. बुधा दोन्ही तुकडे घरी घेऊन आला. उद्या नवा बांबू आणतो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी दुपारी कुणीतरी ते दारं पुन्हा उघडलेलं होतं. कुणी, ते कधीच कळलं नाही. बुधा तिथून चालला होता. उघडं दारं बघून जागल्याला पुढे जाता येत नाही. ऊन होतं म्हणून त्याने ओलं फडकं डोक्यातोंडावरून गुंडाळलं होतं. काठी नव्हती. तो तसाच वाकला.

हिलाल मागून आला. वाकलेला माणूस दिसला, काठी दिसली नाही. त्याने फावडं मारलं. एकच, मानेवर. मग चोराचं तोंड बघायला म्हणून त्याने त्याला उताणा केला.

केसरअक्का हे सांगताना रडायची नाही. आवाजही चढवायची नाही. मान किती तुटली होती ते सांगायची. पाणी कसं लाल झालं आणि दारं अर्धंच मिटल्यामुळे ते लाल पाणी हिलालच्याच गव्हात कसं गेलं ते सांगायची. तो गहू कुणी कापला नाही, उभा वाळला. वाकलेला पाहुणा एव्हाना उठायला बघत असायचा. ती त्याला उठू द्यायची नाही. सगळं सांगून झालं की मग फावड्याकडे बोट करायची.

"तो हाऊ," ती म्हणायची. "हिलाल."

पाहुण्यांत कुणी बाई असली की ओरडायची. एकदा एक प्राध्यापक ओकला. म्हातारा हिलाल फावडं खांद्यावर घेऊन पुन्हा तिच्यामागे, चार पावलांवर जाऊन उभा राहायचा.

ही वाट पाहुण्यांसाठी सुरू झालेली नव्हती हे मला नंतर कळलं. ती शिक्षा होती. हिलाल तुरुंगात जाऊन, बरीच वर्षं काढून परत आला, तेव्हा फडाच्या पंचांनी मिटवामिटवी काढली. पाटाच्या शेपटाकडची थोडी जमीन केसरअक्काच्या नावे करायची आणि विषय संपवायचा. पंच सगळे जमीनवाले. दुसऱ्या दिवशी पाणी सोडायच्या वेळी ती बंधाऱ्याजवळ पाटाच्या तोंडात जाऊन बसली. पाटाच्या ऐन तोंडात, पाणी छातीला लागत होतं. पिकं वाळत होती. दोन जणांनी तिला उचलायचा प्रयत्न केला. एकाच्या हाताचा तिने असा लचका तोडला की ती खूण तो माणूस अजून दाखवतो. विळा घेऊन बसली होती. पुढे येईल त्याला कापीन असं नाही म्हणाली, स्वतःचा गळा कापीन म्हणाली, म्हणजे रक्त तुमच्या सगळ्यांच्याच फडात जाईल.

तिसऱ्या दिवशी पंच पाण्यात उतरून तिच्यापुढे उभे राहिले. काय पाहिजे, विचारलं. तिला जमीन नको होती. पाटाचा गाळ काढायला दरवर्षी सगळं गाव जमतं, त्या दिवशी बंधाऱ्यापासून बुधाच्या दाऱ्यापर्यंत हिलालने चालायचं आणि तिने सगळ्यांना घडलेलं सांगायचं. हिलालने तिच्या मागे चालायचं, तेच फावडं घेऊन. केव्हापर्यंत, पंचांनी विचारलं. मी 'पुरे' म्हणेपर्यंत, ती म्हणाली.

पंचांना वाटलं, दोन-तीन वर्षं. तिने ते केव्हाच म्हटलं नाही. गाळाच्या दिवसाला शहरातले लोक बघायला येऊ लागले, मग एरवीही येऊ लागले, आणि ती प्रत्येक वेळी हिलालला बोलावणं धाडायची. तो यायचा. आजारी असला तरी यायचा. एका वर्षी ताप अंगात असताना आला आणि फावड्यासकट पाटात पडला. तिने त्याला उठवलं नाही. उभी राहून वाट बघितली.

मला हे सहन होत नव्हतं. माझा बाप छापखान्यात पत्रकं छापायचा. अन्याय दिसला की कागदावर आणायचा, हे मी पाटी-पेन्सिलीच्या आधी शिकलो. मी त्या गावात आलो होतो पाटावर स्लॅब टाकून दुकानं काढायच्या योजनेविरुद्ध. तिच्याविरुद्ध पत्रक लिहावं लागेल असं वाटलं नव्हतं. पण कायद्याने एकदा दिलेली शिक्षा पंच पुन्हा देतात, माणसाला जत्रेतल्या अस्वलासारखं फिरवतात, हे मला चीड आणत होतं. काठी नसलेल्याला बिनविचारपूस मारता येतं असा नियम ज्या पाटाचा, त्या पाटाची आरती पाहुण्यांनी ओवाळावी याचीही चीड होतीच. मी दोन्ही तिला सुनावलं. तिच्या ओट्यावर बसून, तिचा चहा पीत.

स्लॅबविरुद्धचं माझं पत्रक तिने आधी नातसुनेकडून वाचून घेतलं होतं. ते तिने माझ्या मांडीवर ठेवलं.

"यामा बुधा कोठे शे?" तिने विचारलं. "दगड सांगस, बंधारा सांगस. दगडसवर रगत कोनं पडनं ते सांगत नही."

मी म्हटलं, अक्का, ते वेगळं. शिक्षा एकदाच असते. हिलालआबा आपली भोगून आले.

ती हसली. तिला पुढचे दोन दात नव्हते. "एकच पत्रक काढीसन थांबना का तू? दर साल नवं काढस. लोके इसरी जातस म्हनीसन काढस. मंग?"

तेव्हा मी तिला दुसरं विचारलं, जे मला पहिल्या दिवसापासून टोचत होतं. त्याला मागे का चालवतेस? ज्याने मागून मारलं त्याच्या हातात तेच फावडं देऊन आपली पाठ त्याच्याकडे का करतेस?

"मागून मारनारा शे तो," ती म्हणाली. "त्याले मागेच ऱ्हाऊ द्या. मारानं व्हई तं मारी टाकी."

हे सांगताना तिने कपातला उरलेला चहा अंगणात फेकला आणि उठून आत गेली. मी पत्रकातला मजकूर बदलला. बुधाचं नाव घातलं. पण हिलालची शिक्षा थांबवा, हेही त्यात राहू दिलं. तिने ते वाचून घेतलं आणि पाहुण्यांना वाटू दिलं. मला त्याचं अजून नवल वाटतं.

गेल्या हिवाळ्यात कुणीतरी दाऱ्यावरचा तो सगळा प्रकार फोनवर चित्रित करून पसरवला. बघणाऱ्यांना हिलाल दिसला, फावडं दिसलं, खाली लिहिलेला 'खुनी' हा शब्द दिसला. हिलालचा मुलगा दीपक दोंडाईच्याला बियाण्यांचं दुकान चालवतो. त्याच्या मुलीचं चाळीसगावकडचं जमत आलेलं लग्न त्या चित्रफितीनंतर मोडलं. पुढच्या फेरीच्या रविवारी तो मोटरसायकल घेऊन थेट फडात आला.

आम्ही बुधाच्या दाऱ्यापाशी होतो. अक्काने नुकतीच काठी रोवली होती. दीपक पाहुण्यांना बाजूला सारत आत घुसला. तो आधी नीट बोलला. बापाने तुरुंग काढला, म्हातारपण काढलं, आता माझ्या पोरीने काय केलंय? आज तो शब्द म्हण आणि संपव. त्याच्या आवाजात रडू होतं, आणि तो माणूस वाईट नव्हता.

"तुनी पोरले दुसरं स्थळ भेटी," केसरअक्का म्हणाली.

तिने दाऱ्याच्या तोंडाकडे बोट केलं. "ये. आज तू वाक." आणि ती पाहुण्यांकडे तोंड करून उभी राहिली.

मला वाटतं तिने ते म्हणायला नको होतं. दीपकने रोवलेली काठी उपटली, गुडघ्यावर धरली आणि मोडली. तारेच्या जोडावरच मोडली. बापाने मोडली होती तिथेच. त्याला ते माहीतही नसेल. तेव्हा तो रांगत असेल. तुकडे त्याने पाटात फेकले, घुंगरू सुटून दाऱ्याच्या तोंडाशी पडले. केसरअक्का हलली नाही. तिची पाठ बापलेकांकडे होती, तोंड आमच्याकडे. तोंडावर काहीच नव्हतं. दीपक ते घुंगरू उचलून पाण्यात भिरकवायला म्हणून खाली वाकला.

हिलाल त्याच्या मागे उभा होता.

मी म्हाताऱ्याला पाहत होतो. अधू डोळ्यांनी त्याला काय दिसत होतं देव जाणे. दाऱ्यावर एक माणूस वाकलेला, काठावर काठी नाही. फावडं खांद्यावरून वर गेलं, दोन्ही हातांत, तालमीतल्या माणसाचं जातं तसं, आणि त्याच्या तोंडावर राग होता, जुना, भरातला राग. एक पोरगी किंचाळली. मी पुढे धावायला हवं होतं, धावलो नाही.

"पुरे," केसरअक्का म्हणाली.

ती वळली नव्हती. आवाज चढवला नव्हता. दाऱ्यातलं पाणी आणि तिचा आवाज यांत फारसा फरक नव्हता. फावडं हवेत थांबलं. मग हिलालच्या बोटांतून सुटून बाजूला पाटात पडलं. दीपकने वर बघितलं, बापाचे रिकामे हात बघितले, आणि त्याला कळलं. तो तिथेच चिखलात बसला.

पाहुण्यांत फडाचे एक वयस्क पंच होते, ते म्हणाले की अक्का बोलली, शब्द गेला, हिलाल सुटला. कुणी म्हणालं की ती त्याला माफ करायला बोलली नव्हती, हात थांबवायला बोलली. पंच म्हणाले, शब्द कशासाठी ते ठरलं नव्हतं, शब्द ठरला होता. दीपक बापाला धरून घेऊन गेला. केसरअक्का गुडघ्याएवढ्या पाण्यात उतरून काठीचे तुकडे शोधत राहिली. कुणाला मदतीला येऊ दिलं नाही. मी वर्षानुवर्षं त्या एका शब्दासाठी कागद छापले होते. तो असा आला, आणि त्या दिवशीची पत्रकं मी न वाटता परत नेली.

पुढच्या फेरीला हिलाल येणार नाही हे सगळं गाव धरून चाललं होतं. मी बंधाऱ्यावर पोचलो तर तो उभा होता. अंघोळ करून, धुतलेलं धोतर नेसून, हात रिकामे. फावडं पाटातच राहिलं होतं, कुणी काढलं नव्हतं. आयुष्यभराच्या सवयीने तो अक्काच्या मागे, चार पावलांवर जाऊन थांबला.

तिच्या हातात नवा हिरवा बांबू होता, डोक्याला तेच घुंगरू. ती मागे न बघता म्हणाली, "पुढे हो. इतला साल मना कान तुनाच पायकडे व्हतात."

तो पुढे झाला. त्याला नीट दिसत नव्हतं, फरशांना ठेचकाळत होता. ती त्याच्या मागून चालत राहिली. त्याची मान तिच्यासमोर होती, उन्हाने काळी पडलेली, सुरकुतलेली, उघडी. त्या दिवशी तिने पाहुण्यांना खिळी दाखवल्या नाहीत की फोडलेल्या फरशीची गोष्ट सांगितली नाही. सबंध वाटभर घुंगरू तेवढे वाजत होते.

बुधाच्या दाऱ्यापाशी ती थांबली. कोनीतरी वाका, म्हणाली. आम्ही एकमेकांकडे बघितलं. मागच्या वेळचं सगळ्यांना कळलेलं होतं, कुणी पुढे होईना. मग हिलालच पुढे झाला. हाताने चाचपत दाऱ्याचं तोंड शोधलं, खाली बसला, वाकला, दोन्ही हात पाण्यात घातले.

केसरअक्का त्याच्या पाठीशी जाऊन उभी राहिली. तिची सावली त्याच्या मानेवरून पाण्यात पडली. तिने बांबू दोन्ही हातांत धरला, पार डोक्याच्या वर नेला. हिलालने मान उचलली नाही.

मग तिने बांबू खाली आणला आणि सगळा जोर लावून त्याच्या शेजारी, काठावर रोवला.

घुंगरू वाजले. ती बाजूला होऊन, बुधाची गोष्ट सांगू लागली.